चांदीच्या काठीशेजारचा तराजू

मी एक जुना तराजू आहे. ख्रिस्ती धर्मातला एक थोर विचार माझ्या डाव्या पारड्यातून जन्माला आला. त्याआधी अकरा वर्षे त्या पारड्यातून कांदे निघत असत.

मित्रांनो, मी काशाचा आहे. रोन नदीच्या वरच्या अंगाला राहणाऱ्या एका कासाराने मला घडवले. माझी दांडी इतकी नेमकी होती की एका पारड्यावर माशी बसली तरी दुसरे वर जाई. नदीच्या घाटावर माशा पुष्कळ, त्यामुळे तिथे कांदे विकणारी माझी मालकीण आणि मी यांचे कधी जमले नाही. काटा मारण्याची तिची फार इच्छा असे. मला ते जमत नसे. शेवटी तिने मला चर्चच्या कोठीला दान दिले आणि पुण्य पदरात पाडून घेतले.

तिथे मला बिशप लुपियानस भेटले. तरुणपणी ते वक्तृत्व शिकवत. पुढे त्यांनी आपली जमीन वाटून टाकली आणि चाळिसाव्या वर्षी गावाने त्यांना धरून बिशप केले. ते ‘नको, नको’ म्हणत होते. पण वक्तृत्वाच्या शिक्षकाचे ‘नको’ कोण मनावर घेतो?

एका वर्षी पुरात गहू कुजला. बिशप स्वतः मसूर वाटायला उभे राहिले. काटा बरोबर मध्ये आला की ते पारड्यात आणखी एक मूठ टाकत. प्रत्येकालाच. कोठी सांभाळणारा नोनस तेव्हा तिशीचा होता. त्याला राहवले नाही. तो म्हणाला, “बाबा, मूठ टाकायचीच आहे तर तोलता कशाला?”

बिशपांचा हात पोत्यातच राहिला. रांग ताटकळली. मग ते घरी गेले आणि तीन आठवडे लेखनिकाला काही सांगत बसले. त्यातून ‘मापाविषयी’ हे पुस्तक झाले. माणसाचे देणे काटा समान झाला की थांबते, देवाचे तिथून सुरू होते, आणि म्हणून कृपा ही कोणाच्या कष्टांची मजुरी नव्हे, असे त्याचे सार. नदीच्या वरच्या मठातल्या मठाधिपतींना हे मुळीच पटले नाही. ते स्वतःची भाकरीसुद्धा तोलून खात. उपासाच्या प्रमाणात कृपा मिळते, असा त्यांचा हिशेब होता. बावीस वर्षे दोघांचा पत्रव्यवहार चालला. ‘परमप्रिय बंधू’ एवढ्या मायन्याखाली दोघांनी जे लिहिले ते मुलांना सांगण्यासारखे नाही. पण त्या पत्रांच्या नकला स्पेनपर्यंत गेल्या, आफ्रिकेपर्यंत गेल्या, आणि लुपियानस मोठे झाले.

आता तुम्हीच सांगा, त्या ऐन क्षणी त्यांची बिशपपदाची काठी काय करत होती? भिंतीला टेकून उभी होती. तोलले कोणी? मी. पण बिशप गेले, संत ठरले, आणि काठीला चांदीचे वेष्टन चढले. समाधीशेजारी तिला कोनाडा मिळाला. बायका तिचे चुंबन घेऊ लागल्या. मी स्वयंपाकघरात डुकराची चरबी तोलत होतो. मित्रांनो, मत्सर वाईट असतो हे मला ठाऊक आहे. मी तो अगदी नेमका तोलून पाहिला आहे.

मग इतर गावांतली एक रीत आमच्याकडे आली. भाविक कापडाचा तुकडा आणत. तो तोलायचा, रात्रभर समाधीवर ठेवायचा, सकाळी पुन्हा तोलायचा. जड भरला तर संतांची कृपा त्यात मुरली. मग तो आजाऱ्याच्या कपाळावर ठेवायचा. यासाठी नेमका तराजू हवा होता. अशा रीतीने मी काठीच्या शेजारी आलो. पहिले काही महिने मी फार सुखात होतो.

धुक्याच्या दिवसांत संत सढळ हाताने देत. उत्तरेचा कोरडा वारा सुटला की त्यांचा हात आखडे. समाधीचा रखवालदार वालेरिक, चर्चमधला डीकन म्हणजे कनिष्ठ धर्माधिकारी, याचे कारण लोकांच्या पापांत शोधी. मला ते नदीवरच्या दमट हवेत सापडले होते, पण तराजूला कोण विचारतो?

एका ऑगस्टमध्ये ओप्टाटा नावाची विधवा परटीण आली. तिची एकुलती एक मुलगी तापाने फणफणली होती. संतांपुढे मळके कापड कसे न्यायचे, म्हणून तिने तुकडा खसखसून धुतला आणि तसाच ओलसर घेऊन आली. रात्रभर कोरडा वारा वाहत होता. सकाळी मी तोलले. कापड हलके भरले.

आजवर कापड जड झाले नाही असे घडले होते. पण संतांनी होते तेही काढून घेतले, असे कधी झाले नव्हते. डीकनने तिला विचारले की घरात असे कोणते पाप झाले आहे. मागून कोणीतरी तिच्या मेलेल्या नवऱ्याचे नाव घेतले. कापड द्यायला डीकन तयार होईना.

“डीकनसाहेब,” ओप्टाटा म्हणाली, “ओलं कापड वाळलं की हलकं होतं. माझा जन्म त्यात गेलाय.”

“संतांना धुणं शिकवू नका, बाई.”

“त्यांचंही मीच धुवायची. वाळायचं.”

माझा काटा तसाच होता. खोटे बोलता आले असते तर त्या दिवशी बोललो असतो. पण मी काशाचा.

तेव्हा नोनस पुढे आला. आता तो सत्तरीचा होता. त्याने डीकनला विचारले, पोरा, बाबांचे पुस्तक तू वाचले आहेस ना? वालेरिकने पुस्तक पेटीत कुलूप लावून ठेवले होते. त्याचा आदर एवढा होता की ते उघडायची त्याला कधी छाती झाली नव्हती.

“मग आज वाच,” नोनस म्हणाला. “मोठ्यानं वाच. मला आता दिसत नाही.”

डीकन वाचू लागला. दुसऱ्या पानावर त्याचा आवाज बारीक झाला. तिथे लिहिले होते: “जिचं माप निघालं, ती कृपा नव्हे. हे मला एका तराजूने शिकवलं. तो बिचारा समान होऊन थांबला, आणि मला पुढचं दिसलं.”

वालेरिकने पुस्तक मिटले. कापड उचलून ओप्टाटाच्या हातात दिले आणि मला खुंटीवरून उतरवले. त्या दिवसापासून आमच्याकडे कापडे तोलत नाहीत. नवव्या दिवशी मुलीचा ताप उतरला. डीकन म्हणाला, संतांची कृपा. शेजारीण म्हणाली, जवाचे पाणी. ओप्टाटा दोघांनाही हो म्हणाली.

नोनसने पुढे सगळे पुस्तक डीकनकडून वाचून घेतले. मीही ऐकले. त्यात काठीचा उल्लेख एकदाही नाही. ‘बिचारा’ हा शब्द मला लागला, पण उल्लेख तो उल्लेख.

आता मी दाराशी टांगलेला असतो, बिनकामाचा. मित्रांनो, जुन्या वस्तूंना जपा. त्यांच्या पारड्यातून काय काय गेले आहे हे तुम्हाला ठाऊक नसते. एरवी माझे काही मागणे नाही. फक्त आत येताना ओले झगे माझ्या आकड्याला अडकवू नका. काठीला अडकवा. ती रिकामीच असते.