बाबांची दिव्यदृष्टी आणि टीव्हीमागचा डबा

सभागृहात मुंगीला शिरायला जागा नव्हती. व्यासपीठावर बाबा डोळे मिटून एकेकाचं घर बघत होते. कुणाच्या कपाटावरची फाटकी बॅग, कुणाच्या खिडकीतली वाळकी कुंडी, सगळं बिनचूक. लोक थक्क होऊन हात जोडत होते.

पहिल्या रांगेत ती बसली होती; शेजारी सासूबाई तिच्या बाळाला मांडीवर घेऊन बसल्या होत्या. बाळाला फिट्स यायच्या. मागच्या बैठकीत बाबांनी त्याच्या खोलीचं हुबेहूब वर्णन केलं, औषध बंद करायला लावलं आणि आज त्याला आश्रमात सोडायला सांगितलं. नवरा आईपुढे तोंड उघडेना. ती चोरून औषध पाजत होती; आश्रमात कोण पाजणार? शेजारच्या वहिनींनी तर लेकीचं औषध कधीच थांबवलं होतं. ती पोर आता हाकेला ओ देत नव्हती.

पण त्या वर्णनात बाबांना दिसलेले खोलीतले पिवळे पडदे तिने त्याच्या कितीतरी आधी काढले होते. ते उरले होते फक्त बाळाच्या जुन्या व्हिडिओत.

म्हणून सकाळी तिने एका बाहुलीचा व्हिडिओ काढून ठेवला होता. आता ती उभी राहिली.

"बाबा, आज माझं बाळ कसं दिसलं?"

"लाल टोपी. डोळे सताड उघडे, पापणी लवत नाही. माई, त्या देहात दुसरंच कुणी शिरलंय. त्याला इथे सोड."

तिने पिशवीतून लाल टोपीची बाहुली काढली. "हिला ठेवून घ्या."

कुणीतरी फिसकन हसलं. "माया आहे सगळी," म्हणत बाबा घोटभर पाणी प्यायले.

मग तिने समजावून सांगितलं. घरोघरी टीव्हीमागे सर्व्हरचा डबा आहे. मोबाइलवरचे व्हिडिओ त्यात साठतात आणि इंटरनेटवरून कुठेही बघता येतात. डबे बसवणारा दुकानदार बाबांचाच शिष्य. सगळ्यांचं लॉगिन, म्हणजे नाव आणि पासवर्ड, कंपनीकडून आलेलं, एकच. वर त्याची ताकीद, 'बदलू नका, टीव्ही बंद पडेल.' वहिनींना विचारून तिने आपल्या फोनवर त्यांचा डबा शोधला आणि तेच दोन शब्द टाकले. वहिनींची लेक फोनच्या पडद्यावर धावू लागली, औषध थांबण्याआधीची.

सासूबाईंनी बाळ तिच्या हातात दिलं.

"मग माझ्या पोरीचं औषध?" वहिनींनी विचारलं.

आपल्या घराला भलत्याच्या हातातली किल्ली चालते, तोवर त्याला दिव्यदृष्टी लागत नाही. पासवर्ड आजच बदला. आणि औषध बंद करायचं की नाही, ते डॉक्टरांना विचारा.