डोंगर बसवणारा बाबा

मैदानावर पाय ठेवायला जागा नव्हती. न्हाव्याने दुकान अर्ध्यावर टाकल्यामुळे टपालवाला एका गालावर साबण घेऊन तसाच उभा होता. सगळ्यांच्या माना वर, कारण समोरून थोरला डोंगर येत होता.

आमच्याकडचे डोंगर चालतात, हे आधी सांगितलेलं बरं. आम्हाला त्याचं काही वाटत नाही. अख्खी रांग चरत असल्यासारखी सावकाश फिरते. सकाळी खिडकीतून दिसणारा डोंगर संध्याकाळी परसदारी सापडतो. मध्येच एखादा खाली बसतो. का बसतो, याची चौकशी मात्र आजवर कोणी केली नव्हती. नेमकी तीच फट गावात नव्याने आलेल्या एका बाबाने हेरली.

"हे पर्वतश्रेष्ठा!" ओट्यावरून बाबा गरजला. "तुझ्या पाठीवर ढग, तुझ्या पोटात झरे, आणि तुझ्या कानात माझा शब्द! बस!"

डोंगर बसला. असा धप्पकन बसला, की टपालवाल्याच्या गालावरचा साबण धुळीने माखला.

"माझ्या शब्दाला डोंगर बसतो, तिथे तुमचा आजार कोण लागून गेला?" बाबा म्हणाला. बसलेल्या डोंगराच्या पायथ्याची माती म्हणे सगळ्यावर चालते. गुडघ्याला चोळा, पोटात घ्या, डोळ्यात घाला.

गुडघ्यांचं मी एकवेळ ऐकून घेतलं असतं. डोळ्यांचं ऐकून घेणं शक्य नव्हतं.

माझी थोरली बहीण बेकरी चालवते. तिच्या डोळ्यात मोतीबिंदू पिकला होता. डॉक्टरीणबाईंनी शस्त्रक्रियेचा दिवस दिला होता, तो तिने मोडला. "उद्या बाबा स्वतःच्या हाताने माझ्या डोळ्यात माती घालणार आहेत," तिने भट्टीसमोरून जाहीर केलं.

"ताई, डोळ्यात माती गेली तर आपण ती काढतो. मुद्दाम घालत नाही कोणी."

"शाळेत शास्त्र शिकवतोस ना? मग शाळेत शिकव."

"आणि पाव अळणी का लागतायत तुझे?"

"गावात मीठच मिळेना. वाणी म्हणतो, होतं तेवढं संपलं. आणि तू विषय बदलू नकोस."

मी डॉक्टरीणबाईंकडे धावलो. त्या म्हणाल्या, "असल्या मातीने बुबुळ ओरबाडलं आणि पू झाला, तर मग माझ्या हातात काही राहणार नाही. डोळा गेला म्हणून समजा." त्यांनी छत्री उचलली. दुसऱ्या दिवशी आम्ही दोघंही मैदानावर हजर झालो.

डोंगर ठरल्याप्रमाणे बसला. रांगेत ताई पहिली. मी आडवा गेलो, तर बाबा गोड हसला. "मास्तर, शंका म्हणजे डोक्यातली खाज. आम्ही तिच्यावरही माती देतो." लोक खो खो हसले. ताईही हसली, याचं मला फार वाईट वाटलं.

चेल्याने तिच्या तळहातावर चिमूटभर माती ठेवली. बाबा डोळे मिटून पुटपुटू लागला.

आता, माझ्या बहिणीला एक खोड आहे. तळहातावर काहीही भुकटी पडली, की त्यातली चिमूट आपोआप जिभेवर जाते. पीठ, साखर, कणकेत काय कमी आहे ते ती असंच ठरवते. एकदा तिने माझी दंतमंजनाची पूडही चाखली होती. तशीच तिने बाबाची मातीही चाखली.

"अगंबाई, मीठ!"

बाबाने एक डोळा उघडला. "तो पर्वतराजांचा घाम आहे, माते."

"घाम कसला? चांगलं जाडं मीठ आहे! इथे गिऱ्हाईकं माझ्या तोंडावर पाव टाकून जातायत, आणि तुम्ही मीठ जमिनीत पुरताय?"

डॉक्टरीणबाईंनी छत्रीच्या टोकाने डोंगराच्या पायथ्याची माती उकरली. पोत्याचं तोंड वर आलं. मग दुसऱ्या पोत्याचं. चेले मागच्या मागे पसार व्हायला लागले.

माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. "अहो, डोंगर बसतो तो चाटायला! मिठाजवळ येईपर्यंत बाबा मंत्र लांबवतो, आणि तो वाकू लागला की 'बस' म्हणतो!"

"पण बाबांच्या शब्दाशिवाय बसेल का?" न्हाव्याने विचारलं. मला त्याला मिठी मारावीशी वाटली. इतका सरळ प्रश्न इतक्या दिवसांत कोणी विचारला नव्हता.

गर्दीतल्या हमालांनी पोती ओढत मैदानाच्या दुसऱ्या टोकाला नेली. डोंगर उठला आणि त्यांच्या मागोमाग निघाला.

"बस!" बाबा ओरडला. डोंगर चालतच होता. "बस म्हणतो ना!" शेवटी बाबा "बसा हो, बसा ना जरा!" इथपर्यंत आला. डोंगर पोत्यांपाशी गेला आणि तिथे आरामात बसला. तोवर बाबाने दुसरी वाट धरली होती.

न्हावी लगेच पोत्याला हात जोडायला वाकला. ताईने त्याला मागे ओढलं. "अरे बाबा, उद्या ते मी पावात घालणार आहे!"

एवढं सगळं सांगायचं कारण असं. डोंगर चालतो, याचं नवल जरूर वाटू द्या. मलाही वाटतं. पण कोणी ओट्यावर चढून ते आपल्या नावावर खपवू लागला, तर न्हाव्यासारखं विचारा, आणि पोती हलवून बघा. हात नंतरही जोडता येतात. डोळा गेला तर परत येत नाही.

पुढच्या आठवड्यात ताई दवाखान्यातल्या टेबलावर बसली. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. "दुखेल का हो? बाबा म्हणाले होते, कळणारसुद्धा नाही."

"थोडं दुखेल," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "दुखलं की सांगा, मी थांबेन. बहुतेकांना नीट दिसायला लागतं."

"बहुतेकांना?"

"हो. सगळ्यांना लागतं असं सांगितलं, तर ते खोटं होईल."

ताई आडवी झाली. "हात धर रे," मला म्हणाली. बाबाकडे ती का गेली होती, ते मला तेव्हा कळलं. तिला फार भीती वाटत होती, आणि मी तिला नुसतं शास्त्र सांगत बसलो होतो. मी हात घट्ट धरला.

पट्टी सुटली तेव्हा तिने आधी खिडकीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. बराच वेळ पाहिलं.

"अगंबाई," ती म्हणाली, "तू एवढा म्हातारा कधी झालास?"