थंड हवेचं झाड तंजावुरात

तंजावूरच्या जुन्या मराठी घरातले चिदंबरराव पापनाशमला स्टेशनमास्तर होते. निवृत्त झाल्यावर ते आणि पत्नी जयलक्ष्मी पहिल्यांदाच डोंगरावर, कोडैकानलला गेले. शांभवी नावाच्या बाई आपल्या घरातली एक खोली पाहुण्यांना देत, तिथे उतरले. फाटकाशी एक झुडूप होतं. जांभळ्या फुलांचे लांब तुरे, मधासारखा वास आणि वर सतत फुलपाखरं. जयलक्ष्मी रोज सकाळी कॉफी घेऊन पायरीवर बसायच्या आणि तिकडे बघत राहायच्या.

निघताना चिदंबररावांनी त्या झुडपाचं एक रोप मागून घेतलं. हे थंडीत वाढणारं झाड, तुमच्याकडे जगणं अवघड, असं शांभवींनी सांगितलं. चिदंबरराव म्हणाले, बघू.

बघू म्हणजे काय, ते जयलक्ष्मींना घरी आल्यावर कळलं. या झाडाला मुळांशी पाणी साचलेलं चालत नाही, आणि तंजावूरची माती तर पाणी धरून बसणारी. म्हणून चिदंबररावांनी वाळू, विटांचा चुरा आणि शेणखत कालवून मोठी कुंडी भरली. सकाळचं ऊन मिळेल, दुपारचं टळेल अशी परसातली जागा निवडली. वर माडाच्या झापांचं छप्पर घातलं. डिसेंबर-जानेवारीतल्या मार्गळी महिन्यात हवा जरा गार झाली तशी रोपाला नवी पालवी आली, आणि चेन्नईतल्या मुलाला, साईरामला, रोज त्याचे फोटो जाऊ लागले. तुरा मात्र एकही आला नाही.

उन्हाळा चढला तशी पानं करपायला लागली. त्यातच बंगळूरला जयलक्ष्मींच्या भाचीचं, विनुताचं लग्न आलं. चिदंबरराव म्हणाले, तू जाऊन ये, झाडाकडे कोण बघणार? जयलक्ष्मी एकट्याच गेल्या. लग्नात ज्याने त्याने यजमान कुठे म्हणून विचारलं, तेव्हा त्यांच्या गुडघेदुखीचं कारण सांगत राहिल्या.

परतल्या तेव्हा दार उघडणारे चिदंबरराव घामाने निथळत होते. झोपायच्या खोलीचं दार बंद होतं. जयलक्ष्मींनी ते उघडलं, तर आत एसी चालू आणि पलंगाशेजारी कुंडी. चिदंबरराव स्वतः बाहेर पंख्याखाली चटईवर झोपत होते. एवढं करूनही उन्हाविना झाड फिकट पडलं होतं.

"कोणासाठी हे सगळं?" त्यांनी विचारलं.

"तुजसाठी. तिथे रोज बघत बसायचीस की."

जयलक्ष्मींचा लग्नातला राग अजून गेला नव्हता. तरी त्या पलंगाच्या कडेला बसल्या.

"झाड बघत होतें, खरं. पण तुम्हीही शेजारी बसला होतां. गाडीची वेळ झाली म्हणून उठून जात नव्हतां. मज तें आवडलं होतं."

चिदंबररावांनी एक पान चिमटीत धरून पाहिलं. मग म्हणाले, "हें इथे मरेल गं."

"मरायला कशाला ठेवायचं? पोचवून येऊं."

रोप ओल्या गोणपाटात गुंडाळून, आळीपाळीने मांडीवर घेत त्यांनी ते बसने वर कोडैकानलला नेलं. शांभवी हसल्या नाहीत. मागच्या उतारावर, पाणी वाहून जाईल अशा उन्हाच्या जागी त्यांनी खड्डा खणला, आणि रोप लावल्यावर कात्रीने त्याच्या बारीक वाळक्या फांद्या थेट बुंध्यापर्यंत छाटल्या. छाटलं की जोमाने फुटतं, असं त्या म्हणाल्या. चिदंबररावांनी तेवढा वेळ तोंड फिरवलं होतं.

घरी रिकाम्या कुंडीत जयलक्ष्मींनी इडली-पू लावलं. एक्झोराच्या त्या लाल गुच्छांना तमिळमध्ये मुलं असंच म्हणतात; पू म्हणजे फूल. त्याला तंजावूरचं ऊन मानवलं. मोठी काळी फुलपाखरं त्यावर येऊ लागली, आणि साईरामला पुन्हा फोटो जाऊ लागले.

पुढच्या वर्षी शांभवींचा फोन आला, की झाड फुललंय. दोघं गेले. उतारावरचं झुडूप चिदंबररावांच्या खांद्याला लागत होतं, आणि एका तुऱ्यावर पंख मिटून एक फुलपाखरू बसलं होतं. ते दोघं तिथेच गवतावर बसले. दुपार झाली तरी जेवायची आठवण कुणालाच झाली नाही.

निघताना चिदंबररावांचं लक्ष कुंपणाशी वाढलेल्या निळ्या फुलांच्या गेंदांकडे गेलं. "याचं एखादं रोप..." एवढंच ते शांभवींना म्हणाले. जयलक्ष्मींनी त्यांचा हात धरला आणि त्यांना घेऊन बसथांब्याकडे चालू लागल्या. थांबा आला तरी त्यांनी हात सोडला नाही.