टिचकी, ड्रायव्हरकाका आणि मी

मी एक जुनी किटबॅग आहे. माझा मूळ रंग हिरवा होता, असं आता सांगावं लागतं. एक चेन कायमची रुसली आहे, म्हणून माझं तोंड नाडीने बांधतात. तळाला दोन ठिगळं आहेत. पण मित्रांनो, ठिगळांची कहाणी सांगायला मी बसलेली नाही. जिने मला खांद्यावर वागवलं त्या मुलीची गोष्ट मला सांगायची आहे. ती मी जवळून पाहिली. सांगताना आजही जीव जड होतो.

माझा जन्म ताडपत्र्या शिवणाऱ्या एका छोट्या दुकानात झाला. मालट्रकवर अंथरायच्या ताडपत्रीचे तुकडे उरले होते. एक दिवस एक रंगारी गृहस्थ आले. कपड्यांवर चुन्याचे शिंतोडे, कानामागे पेन्सिल.

"मुलीसाठी बॅग हवी," ते म्हणाले. "तिच्यात बॅट मावली पाहिजे आणि पुस्तकंही."

"मग दोन शिवू का?" दुकानदाराने विचारलं.

"दोन नको हो. एक ती कुठेतरी विसरून येईल."

दुकानदार पोट धरून हसला. त्याने माझ्या पोटात मधोमध एक जाड पडदा शिवला. एका बाजूला खेळ, दुसऱ्या बाजूला अभ्यास. पडद्याचा उपयोग फारसा झाला नाही. पुस्तकांना मोज्यांचा वास लागायचा तो लागलाच.

ती मुलगी विद्यापीठाच्या संघाची यष्टिरक्षक होती. संघात सगळ्यांत बुटकी. फिरकी गोलंदाजाचा चेंडू हातात आला की बोटांनी टिचकी मारावी तशी ती अलगद बेल्स उडवायची आणि फलंदाज मागे वळून बघतच राहायची. म्हणून मैदानावर सगळे तिला टिचकी म्हणायचे. शिकत होती फिजिओथेरपी. अपघाताने, आजाराने ज्यांचे हातपाय अडले त्यांना पुन्हा उभं करायची विद्या. पॅड बांधताना ती पोटरीच्या स्नायूंची नावं पुटपुटायची. शेजारच्या मुलींना वाटायचं, मंत्रच म्हणते आहे.

सकाळी सराव, मग वर्ग, दुपारी रुग्णालयात पेशंट, संध्याकाळी पुन्हा सराव. मी सगळीकडे सोबत असायची. प्राध्यापक इतरांना सांगायचे, "शिका तिच्याकडून. दोन्ही कसं सांभाळते बघा." मैदानावर सर म्हणायचे, "एवढा अभ्यास करूनही ही पोर कधी सराव चुकवत नाही." कौतुक ऐकून माझीही मान ताठ व्हायची. बॅगेला मान नसते, पण तुम्हाला कळलं असेल.

पण मी तिच्या खांद्यावर होते, त्यामुळे इतरांना न दिसणारं मला दिसत होतं. एक काम संपायच्या आत तिचं मन पुढच्या कामाकडे निघालेलं असायचं. वर्गात शेवटची ओळ लिहिता लिहिता ती मला उचलायची. पेशंटशी बोलता बोलता तिचा डोळा भिंतीवरच्या घड्याळाकडे जायचा.

तिच्या पेशंटांमध्ये एक ड्रायव्हरकाका होते. आयुष्यभर मालट्रक चालवलेला माणूस. अर्धांगवायूचा झटका आला आणि त्यांची डावी बाजू लुळी पडली. पहिल्याच दिवशी त्यांनी मला कोपऱ्यात पाहिलं आणि ओरडले, "अहो डॉक्टरीणबाई, ही तर ट्रकची ताडपत्री! ही इथे कशी?"

"काका, मी अजून डॉक्टर नाही, विद्यार्थिनी आहे. आणि ही माझी बॅग आहे."

"असू दे. ओळखीचं कोणी भेटलं, बरं वाटलं."

काका मोठे गमतीचे होते. "माझा क्लचचा पाय गेलाय," म्हणायचे. "बाकी इंजिन ठणठणीत आहे." टिचकीही त्यांच्याच भाषेत बोलायची. "चला, पहिला गिअर. हळू. वळणावर घाई नाही." ती त्यांच्या कमरेला पट्टा बांधायची, तो घट्ट धरून शेजारून चालायची. काकू बाकावर बसून बघायच्या. "बाळ, तुझ्यामुळे उभे राहिले गं हे," असं टिचकीला म्हणायच्या. पुढे काका पट्ट्याशिवाय, नुसत्या हाताच्या आधाराने चालायला लागले, तेव्हा काकूंनी सगळ्या खोलीला चहा पाजला.

त्यानंतर दौऱ्यावर जाणाऱ्या विद्यापीठाच्या संघाची निवड जवळ आली. निवडीचा सामना ज्या दिवशी होता त्याच दुपारी टिचकीची रुग्णालयात पाळी होती. आदल्या दिवशी ती काकांना चालवत होती. काकू औषधं आणायला गेल्या होत्या. खिडकीशी काका वळले आणि त्यांचा डावा गुडघा एकदम दुमडला. टिचकीने चेंडू झेलावा तसं त्यांना झेललं. 

"क्लच घसरला," काका हसून म्हणाले, पण त्यांचा चेहरा उतरला होता. "तुमच्या काकूला सांगू नका हं. उगाच घाबरते."

"नाही सांगत. पण वळताना अजून पट्टा लागणार तुम्हाला," टिचकी म्हणाली. तेवढ्यात तिची नजर घड्याळाकडे गेली. सरावाला उशीर झाला होता. तिने काकांना बसवलं, मला उचललं आणि पळाली. घडलेलं तिने फाइलमध्ये लिहिलं नाही की कोणाला सांगितलंही नाही.

दुसऱ्या दिवशीची पाळी तिच्याच वर्गातल्या, तिच्या खोलीत राहणाऱ्या मैत्रिणीने घेतली. सगळे तिला चष्मिश म्हणायचे. मुलगी शांत, थोडी भित्री, पण शब्दाला पक्की.

"कोणाला काय करायचं ते नीट सांग," चष्मिश म्हणाली.

टिचकी बुटांची नाडी बांधत होती. खांदा दुखणाऱ्या बाईंचं सांगितलं, पाठीच्या पेशंटचं सांगितलं. "आणि काकांचं नेहमीचंच. हाताला धरून चालवायचं. चल, मी निघते."

त्या दिवशी टिचकी जी खेळली, तसं मी तिला कधी पाहिलं नव्हतं. दोन फलंदाजांना तिने यष्टिचीत केलं, शेवटी बॅटने सामनाही जिंकून दिला. सरांनी तिथेच सांगितलं, "संघात पहिली यष्टिरक्षक तूच." ती मला नाचवतच खोलीवर आली.

खोलीत चष्मिश पलंगावर भिंतीला टेकून बसली होती. चष्मा काढलेला, डोळे सुजलेले.

"काका पडले," ती म्हणाली. "खिडकीपाशी वळताना. मी हात धरला होता गं, खरंच धरला होता. पण मला पेलवले नाहीत. खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन करणार आहेत."

टिचकी मला खाली ठेवायचं विसरली. माझा पट्टा तिच्या खांद्यावर तसाच रुतत होता.

"रुग्णालयातल्या मॅडमनी माझं पेशंट बघणं बंद केलंय," चष्मिश पुढे म्हणाली. "बरोबरच आहे त्यांचं. मीच सोडला हात." मग डोळे पुसून तिने विचारलं, "तुझं काय झालं? निवड झाली?"

टिचकीने होकाराची मान डोलावली. त्या क्षणी तिने सांगायला हवं होतं. सांगितलं नाही. गुडघ्याचं तिला माहीत होतं आणि काकांना. काका सगळ्यांना म्हणत होते, "माझाच तोल गेला, पोरीला बोलू नका." म्हणजे टिचकी गप्प राहिली, तर कोणालाही काही कळणार नव्हतं. आणि सांगितलं असतं, तर दौरा गेला असता.

ती दौऱ्यावर गेली. मीही गेले. संघ जिंकला, तिच्या गळ्यात पदक पडलं. पण त्या दौऱ्यात ती जेवणाच्या टेबलावरून अर्ध्यातून उठायची. एका सामन्यात समोरची फलंदाज पुढे येऊन तोल जाऊन पडली, टिचकीने बेल्स उडवल्या, सगळा संघ धावत येऊन तिला बिलगला आणि ती मात्र जमिनीवर पडलेल्या त्या मुलीला हात देऊन उठवत राहिली. पदक तिने माझ्या तळाशी टाकलं, वर ओले कपडे ठेवले.

परत आल्यावर महाविद्यालयाने सत्काराचा बेत केला. नव्या विद्यार्थ्यांपुढे तिने बोलायचं होतं. विषय होता, खेळ आणि अभ्यास दोन्ही कसे सांभाळावेत. सत्काराच्या सकाळी चष्मिश स्वतःचा निळा ड्रेस इस्त्री करत होती.

"तुझे सगळे कपडे चुरगळलेत. हा घाल, तुला शोभेल," ती म्हणाली.

टिचकीने त्या इस्त्रीकडे पाहिलं. मग म्हणाली, "राहू दे इस्त्री. मी सत्काराला जाणार नाही. काकांचा गुडघा आदल्या दिवशीच दुमडला होता. खिडकीशीच. मी तुला सांगितलं नाही."

चष्मिशने इस्त्री उभी केली. बटण बंद केलं. 

"मला वाटत होतं, मला हे काम येतच नाही," ती अगदी हळू म्हणाली. "काल घरी फोन करून सांगितलं, मी कॉलेज सोडते. आई रडली माझी. आणि तू इथे, माझ्या शेजारच्या पलंगावर झोपत होतीस."

चष्मिशने ड्रेसची घडी करून तो बाजूला ठेवला. 

"मॅडमकडे चल. आत्ता. मी तुझ्या बाजूने बोलणार नाही, सांगून ठेवते."

मॅडमनी सगळं ऐकून घेतलं. त्या रागावतील असं मला वाटलं होतं, पण त्यांचा आवाज चढला नाही.

"फलंदाज पुढे सरसावणार असेल, तर तू मागून गोलंदाजाला खूण करतेस ना?" त्यांनी विचारलं.

"हो, मॅडम."

"तेवढी एक खूण हिला का केली नाहीस?"

टिचकीचं पेशंट बघणं काही आठवडे बंद झालं. रुग्णालयातल्या कामाचे सहा महिने पुन्हा करावे लागणार होते, सोबतच्या मुली पुढे निघून जाणार होत्या. चष्मिशवरचा ठपका गेला. तिने घरी फोन करून आईला सांगितलं, तेव्हा ती टिचकीकडे पाठ करून उभी होती.

मग टिचकी काकांच्या खोलीत गेली. सगळं सांगितलं. काका म्हणाले, "अहो, मीच म्हणालो होतो सांगू नका म्हणून."

"काका, तुम्ही काहीही म्हणाल. सांगायचं काम माझं होतं."

काकू पलंगाच्या पायथ्याशी चादर सरळ करत होत्या. वर न बघता त्यांनी विचारलं, "तुम्ही खेळायला गेला होतात ना त्या दिवशी?"

मित्रांनो, ज्या काकू तिला 'बाळ' म्हणायच्या, त्या आज 'तुम्ही' म्हणाल्या.

"हो, काकू."

"जिंकलात?"

"जिंकलो."

"बरं झालं," काकू म्हणाल्या आणि चादरीची एक सुरकुती पुन्हा पुन्हा सरळ करत राहिल्या.

खोलीवर येऊन टिचकीने मला कपाटावर टाकलं. खेळ बंद. तिथे माझ्यावर धूळ साचली, एका कोळ्याने घर केलं. माझी चेन गंजली ती तेव्हाच. कोणी आपल्याला विसरलं तर वाईट वाटतं, पण टिचकी मला विसरली नव्हती. ती वर बघायची आणि मान वळवायची, ते जास्त लागायचं. अभ्यास करायची म्हणावं, तर एकच पान समोर धरून बसायची. स्वतःला शिक्षा देण्यात सगळा दिवस जायचा.

शेवटी चष्मिशच स्टुलावर चढली आणि तिने मला खाली ओढलं. धुळीने दोघी शिंकल्या.

"तू खेळत नाहीस म्हणून काकांचं हाड लवकर जुळतंय का?" ती म्हणाली.

"मला हक्क नाही खेळायचा."

"हक्काचं मला माहीत नाही. मी अजून तुझ्यावर चिडलेली आहे, तेही खरं आहे. पण हे तोंड पाडून बसणं बंद कर. पेशंटसमोर असं तोंड घेऊन जाशील, तर बरा होणाराही आजारी पडेल."

टिचकी हसली आणि हसता हसता रडली. चष्मिशने तिला रडू दिलं, पण जवळ घेतलं नाही. त्यांची मैत्री पूर्वीसारखी व्हायला फार दिवस लागले. पूर्ण झाली की नाही, मला अजून सांगता येत नाही.

टिचकीने मला पुसलं, चेन लागेना म्हणून माझं तोंड नाडीने बांधलं आणि ती पुन्हा मैदानावर गेली. पेशंटही तिला पुन्हा मिळाले. पण आता रुग्णालयातलं काम हातावेगळं झाल्याशिवाय ती मला हात लावत नसे. पुढच्या पाळीच्या मुलीला शेजारी बसवून प्रत्येक पेशंटचं सांगायची. सांगून झाल्यावर म्हणायची, "आता तू मला सांग, काय कळलं." यात उशीर व्हायचा. सर ओरडायचे. पहिल्या यष्टिरक्षकाची जागा दुसऱ्या मुलीला मिळाली आणि टिचकी राखीव खेळाडूंत बसू लागली. वाईट वाटायचं तिला. ग्लोव्ह्ज मांडीवर घेऊन ती सामना बघायची तेव्हा तिची बोटं चेंडूबरोबर हलायची. पण रुग्णालयातून ती एकदाही लवकर निघाली नाही.

काका पुन्हा चालू लागले, पण वॉकर घेऊन. तो आता कायमचाच, असं डॉक्टरांनी सांगितलं. सहा महिने संपत आले, तेव्हा मॅडमनी काकांच्या व्यायामाला टिचकीला पुन्हा उभं राहू दिलं. काकू रोज बाकावर असायच्या. तिच्याशी एक शब्द बोलत नसत. टिचकी पट्टा बांधायची, काका निमूट चालायचे. विनोद कमी झाले होते त्यांचे.

एक दिवस व्यायाम संपला होता. टिचकी काकांची फाइल लिहीत होती. काकू काकांना धरून दाराशी निघाल्या आणि त्यांच्या लक्षात आलं की पाण्याची बाटली आत राहिली आहे. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. खोलीत इतर मुलीही होत्या, एक शिपाईही होता.  मग टिचकीकडे बघून म्हणाल्या, "जरा धरा यांना. मी आलेच."

टिचकी उठली. तिने दोन्ही हातांनी काकांना धरलं. काकू सावकाश आत गेल्या आणि बाटली शोधू लागल्या. त्यांनी मागे वळून पाहिलं नाही.

मित्रांनो, त्या दिवशी टिचकी सरावाला पोहोचली तेव्हा सर सामान आवरत होते. ती नुसती मला टेकून बसली.

तुम्हाला मला एवढंच सांगायचं आहे. दोन कामं हौसेने करा. जमतात, मी पाहिलं आहे. पण एका कामावरून उठून दुसरीकडे पळताना थोडं थांबा. मागे कोणाचा तरी हात कोणाच्या तरी हातात देऊन जाता आहात. नीट द्या. काय सांभाळायचं ते सांगून द्या. आणि सांगायचं राहिलंच, तर धावत परत या आणि सांगा. खेळायला उशीर झाला तर होऊ दे.