रेघेपर्यंत तेल

तळाला काजळी, अंगाला पोचे आणि एक कान वाकडा, असा मी अ‍ॅल्युमिनियमचा म्हातारा टोप आहे. माणसाच्या गुडघ्याच्या वर येईन इतका उंच. अमेरिकेतल्या लुइझियानात, दलदलीच्या काठावर, ओव्हिड गिड्री यांच्या घरी माझी चौतीस वर्षे गेली. मित्रांनो, वर्षातून दोनदा माझ्या पोटात कढते तेल असते. एकदा नोव्हेंबरातल्या थँक्सगिव्हिंगच्या सणाला आणि एकदा नाताळला. तेव्हा ऐकताना जरा मागे सरकून बसलात तर बरे.

कारखान्यात पत्र्याची चकती दाबून मला घडवले. ओव्हिडनी मला दुकानातून उचलले तेव्हा बोटाच्या पेराने टिचकी मारून माझा आवाज ऐकला होता. ते बोटींची इंजिने दुरुस्त करीत. कोणत्याही वस्तूला ते आधी कान लावत, मग हात.

आख्खा टर्की पक्षी तळणे हे त्यांच्या घरी पुरुषांचे काम, आणि त्या गावात ते ओव्हिडसारखे कुणालाच जमत नसे. चार दिवस पक्षी थंड कपाटात ठेवून ते त्याचा बर्फ पार जाऊ देत. मग पांढऱ्या बादलीत मीठ, साखर आणि तमालपत्राच्या पाण्यात तो मुरवत. ते पाणी त्यांनी माझ्यात कधी ठेवले नाही, कारण मीठ माझ्या धातूला खाते. बाहेर काढल्यावर पक्षी आतून-बाहेरून पुसायचा आणि एक दिवस उघडा सुकवायचा. तेल किती लागेल ते आधी पाण्याने मोजायचे. बारा रत्तलांच्या पक्ष्यासाठी त्यांनी माझ्या आत खिळ्याने एक रेघ ओढली होती. शेगडी अंगणात, घरापासून चांगली लांब. आणि पक्षी आकड्याला लावून तेलात सोडताना खालचा जाळ बंद. एकदाही चुकले नाहीत. लोक ताटे घेऊन उभे राहत, कुरकुरीत कातडीसाठी भांडत आणि माझ्या पोटावर थाप मारून म्हणत, "ओव्हिड, हा टोप तुझ्याआधी मरायचा नाही."

तीन वर्षांपूर्वी ओव्हिडच्या मेंदूत रक्ताची गाठ झाली. उजवे अंग गेले आणि बोलणेही गेले. फक्त एक शब्द उरला, 'बरं'. तहान लागली की 'बरं', पाय दुखला की 'बरं', राग आला तरी 'बरं'. त्यांची बायको एल्मिरा तो शब्द नुसत्या सुरावरून ओळखू लागली. इतरांना मात्र ते नेहमी होच म्हणताहेत असे वाटे.

दोन वर्षे मी छपराखाली पडून होतो. कोळ्यांनी माझ्यात घर केले. मग त्यांची मुलगी कोरीन नवऱ्याला घेऊन आली. जावई वेंडेल उत्तरेकडचा, शांत, सगळ्यांचे मन राखणारा. सासऱ्यांच्या आवडीचा पक्षी आपणच तळायचा असे त्याने ठरवले. शेजारचे अल्सीद सणाच्या आदल्या दिवशी कुंपणावर रेलून म्हणाले, "अरे, तुमच्याकडे तर सहा महिने बर्फ. टर्की तळता की बर्फच तळता?"

वेंडेल हसला. "अल्सीदकाका, उद्या कातडी मागायला याल ना, तेव्हा बोलू."

त्याने वीस रत्तलांचा पक्षी आणला होता. बादली सापडली नाही म्हणून मिठाचे पाणी त्याने माझ्यातच केले आणि पक्षी बुडवून वर बर्फ ओतला. रात्रभर मीठ माझ्या अंगाला झोंबत होते. पण त्याहून मला भीती वाटली ती दुसऱ्याच गोष्टीची. पक्ष्याच्या पोटातला बर्फाचा गोळा वितळलाच नव्हता. माझ्या भिंतीला टेकलेली त्याची पाठ दगडासारखी होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी पाऊस लागला. वेंडेलने शेगडी गाडी ठेवायच्या छपराखाली घेतली. छप्पर लाकडी, घराला लागून. पलीकडच्या भिंतीत स्वयंपाकघराची खिडकी, आत एल्मिरा भाताचे बघत होती. वेंडेलने मला विसळून पुसले, तेल ओतले आणि चाकाच्या खुर्चीतून ओव्हिडना बाहेर आणले.

"पापा, तुमची जागा," तो म्हणाला. "बघा, तुमच्या रेघेपर्यंतच भरलंय. थेंबभर जास्त नाही."

ओव्हिडनी पक्ष्याकडे पाहिले. ओल्या पंखांखालून पाणी ठिबकत होते. त्यांनी छपराकडे पाहिले, मग माझ्याखालच्या निळ्या जाळाकडे.

"बरं," ते म्हणाले.

"आवडलं ना?" वेंडेल खूश झाला आणि पाठ फिरवून आकडा शोधू लागला.

तेल तापत गेले. माझ्या कडांवर धुराची बारीक रेषा उठली. ओव्हिडनी डाव्या पायाने जमीन रेटली आणि खुर्ची इंच-इंच गॅसच्या टाकीकडे सरकवली. हात पुढे केला. चावीपासून वीतभर अंतर राहिले होते. वेंडेलने वळून पाहिले आणि खुर्ची मागे ओढली. "पापा, इतक्या जवळ नको. तेल उडेल."

"बरं. बरं. बरं."

"हो हो, सोडतोच आता."

मित्रांनो, मला तोंड असते तर मी ओरडलो असतो. माझ्यात फक्त तेल होते.

खिडकीत एल्मिराने डाव खाली ठेवला. इतकी वर्षे तिने या कामाला हात लावला नव्हता, पण बघितले सगळे होते. ती मागच्या दाराने अनवाणीच बाहेर आली, टाकीशी वाकली आणि चावी फिरवली. जाळ विझला.

"अगं आई, आत्ताच कुठे—" वेंडेल बोलत होता, आणि त्याच्या हातातला पक्षी माझ्यात उतरला.

तेल गर्जले. ते माझ्या चारी बाजूंनी वर आले, ओसंडले, शेगडीवरून फरशीवर पसरले. जाळ असता तर ते पेटत छपरापर्यंत गेले असते. आता ते नुसतेच वाहिले. वेंडेलच्या नडगीवर आले आणि तो कोसळला. कोरीन धावली. अल्सीदनी त्याला गाडीत घालून दवाखान्यात नेले.

पायाची कातडी भरून यायला दोन महिने लागले. तो घरी आला तेव्हा ओव्हिडच्या समोर बसला. "पापा, तुम्ही सांगत होतात," तो म्हणाला. "मला कळलं नाही." ओव्हिडनी डावा हात त्याच्या डोक्यावर ठेवला आणि बराच वेळ काढला नाही. मार्चमध्ये ओव्हिड गेले.

वेंडेल मला भंगारात टाकायला निघाला होता. एल्मिराने टाकू दिले नाही. ती आता अंगणात माझ्याशेजारी स्वतः उभी राहते आणि वेंडेलला एकेक गोष्ट सांगते. तो आकडा धरतो. पक्षी सोडण्याआधी तो दोनदा वाकून जाळ विझल्याचे बघतो. ती म्हणते, "बघ नीट. घाई नको करूस."

माझी झीज मी सोसेन. पण मित्रांनो, एक मागणे आहे. घरात कुणाचे बोलणे गेले असेल, तर त्याला मानाने आणून तुमच्या पाठीमागे बसवू नका. त्याची खुर्ची अशी ठेवा, की काम करताना तुम्हाला त्याचा चेहरा दिसेल.