खुनी उमाजीची बायको

भांदकजवळच्या त्या गावात दुपारी भैयाजी शिंप्याच्या दुकानात पुस्तक वाचलं जायचं. हेर वज्रनाथाचं. चांद्याचे गुणवंतराव मास्तर ती पुस्तकं लिहीत. प्रत्येकात एक खून, आणि शेवटी खुनी गजाआड. छप्पन्न साली जे पुस्तक आलं, त्यातला खुनी निघाला उमाजी ढिवर. डोळ्याखाली तीळ, बोलताना मान तिरपी करायची खोड. मास्तर चांद्याच्या बाजारात मासोळी घेत ती गावच्या उमाजीकडूनच, तेव्हा कोणालाच शंका उरली नाही.

उमाजी रागावला नाही. उलट मान आणखी तिरपी करून हिंडू लागला. बाजारात लोक त्याला पाहायला येत, आणि आले की मासोळीही घेऊन जात.

रागावली ती त्याची बायको गोकुळा. पुस्तकातला उमाजी सडाफटिंग होता. झोपडीत एकटाच राहायचा, चूलही स्वतःच पेटवायचा. तिनं भैयाजीला ते पान पुन्हा वाचायला लावलं. किताबातलं मनावर घेऊ नको, असं उमाजीनं समजावलं, तर ती त्याच्याशी धड बोलेना. पुढच्या बाजाराला तिनं टोपली आपल्याच डोक्यावर घेतली आणि चांद्याची गाडी धरली.

मास्तरांचं घर पठाणपुऱ्यात होतं. ही उमाजीची बायको, हे कळताच त्यांचा चेहरा उतरला. नवऱ्याची बदनामी झाली म्हणून भांडायला आली असणार. पुढच्या खेपेला छापताना नाव बदलतो, असं ते घाईघाईनं सांगू लागले. गोकुळानं टोपली ओसरीवर उतरवली.

"नाव राहू द्या, भाऊ," ती म्हणाली. "माणूस मारला त मारला. पण त्याले बायकोच नाई, असं काऊन लिवलं? मी कुठी गेली मंग?"

आत स्वयंपाकघरात मास्तरांच्या बायकोला, इंदुताईंना, हसू आवरेना. यांच्या पुस्तकांत बाईमाणूस नसतंच, हे मी केव्हाची सांगते आहे, असं म्हणत त्या चहा घेऊन बाहेर आल्या.

मास्तरांचं लक्ष मात्र चहाकडे नव्हतं. पुस्तकातला खून पोळ्याच्या दिवशी झाला होता. त्या दिवशी उमाजी कुठे होता, असं त्यांनी विचारलं.

"पोळ्याले? घरीच होता. वडे खाऊन झोपला होता."

"म्हणजे बायको असती, तर तिनं तशी साक्ष दिली असती," मास्तर सावकाश म्हणाले. "मग खून केला कोणी?"

कित्येक महिने त्यांना पुढचं पुस्तक सुचत नव्हतं. ते चहा तसाच टाकून पेन्सिल शोधायला उठले. गोकुळानं इंदुताईंना चांगल्या मरळी निवडून दिल्या आणि ती बाजाराला गेली.

शिमग्याच्या सुमारास नवं पुस्तक आलं. त्या दिवशी शिंप्याच्या दुकानात बायाही येऊन बसल्या. वज्रनाथ गोकुळाच्या हातचा झिंग्यांचा रस्सा खातो, तिची साक्ष घेतो, आणि खरा खुनी निघतो लाकडाचा एक ठेकेदार. उमाजी सुटून घरी येतो. रश्श्याचं पान भैयाजीला तीनदा वाचावं लागलं.

घरी जाताना उमाजी जरा हिरमुसला होता. आता बाजारात आपल्याला कोण पाहायला येणार, असं तो कुरकुरत म्हणाला.

"आता मले पाहाले येतीन," गोकुळा म्हणाली.

आणि पुढच्या बाजाराला ती ठेवणीतलं लुगडं नेसून टोपलीपाशी बसली.