विजयमालाबाईंचा फौजी

विजयमालाबाईंनी पांढऱ्या शर्टाच्या कॉलरवर इस्त्री दाबली आणि लेकाकडे न बघताच विचारलं, आज शाळेत झेंडावंदनाला काय बोलणार ते एकदा सांगून टाक. जगदेव म्हणाला, झेंड्याला सलाम करीन, पोरांना शिका म्हणीन आणि खाली बसेन.

"वीस वर्सं पॅरा कमांडोत काढून हेच? इतलं तर सरपंचबी बोलते."

कामाबद्दल बोलायची मनाई आहे, असं तो पहिल्या सुट्टीपासून सांगत आला होता. तो यायचा, जेवायचा, झोपायचा आणि परत जायचा. इकडे पिठाच्या गिरणीवर बाया विचारायच्या, काकू, तुमचा पोरगा तिकडं करतो तरी काय? मग विजयमालाबाईंनी एकेक सांगायला घेतलं. बर्फात तो नऊ दिवस कच्च्या तांदळावर राहिला. विमानातून उडी मारली ती थेट दुश्मनाच्या तंबूवर. दातात सुरी धरून समुद्र पोहून गेला. इंझोरी गावात आता हे सगळ्यांना पाठ होतं, आणि सगळेच शाळेत येणार होते.

इस्त्री उभी करून त्यांनी हे लेकाला एका दमात सांगून टाकलं. मान मात्र खाली घातली नाही.

"तंबूवर, माय?"

"मंग कुठं उतरवू तुले, कापसाच्या पऱ्हाटीत?"

जगदेवने शर्ट चढवला आणि निघाला.

शाळेत रेणू मॅडमनी कागदावरून ओळख करून दिली. सगळा विजयमालाबाईंचाच माल होता. त्या पहिल्या रांगेत पदर आवळून बसल्या. गिरणीवरच्या बायांमधली, एवढ्या वर्षांत या गोष्टींवर विश्वास न ठेवलेली एकटी पल्लवी मागच्या रांगेत होती.

जगदेव माइकपुढे उभा राहिला. त्याने तांदूळ सांगितला, तंबू सांगितला. सुरीपाशी थोडा थांबला आणि म्हणाला, सुरी तशी लहानच होती. पोरांनी टाळ्या वाजवल्या. विजयमालाबाईंनी मान वळवून पल्लवीकडे एकदा नीट पाहून घेतलं.

तेवढ्यात सातवीतल्या वैभवीने हात वर केला. सर, सगळ्यात अवघड काय होतं?

याचं उत्तर विजयमालाबाईंनी कधी तयार केलेलंच नव्हतं. जगदेवने बरोबर उंचीवर असलेला माइक उगीच खालीवर केला. तोवर माइकवर तो पुस्तकी भाषेत बोलत होता, आता घरच्या बोलीवर आला.

"पोटात गोळी लागली का मानसाले पानी देत नसतेत. माह्या दोस्तानं तीनदा मांगतलं. बाटली भरेल होती. मी नाई देल्लं."

टाळ्या वाजल्या नाहीत. मॅडमनी घाईने राष्ट्रगीत सुरू केलं.

घरी आल्यावर विजयमालाबाईंनी त्याला जेवायला वाढलं. काही विचारलं नाही. त्याने दोन भाकरी खाल्ल्या.

दुसऱ्या दिवशी त्या ज्वारीचा डबा घेऊन गिरणीवर गेल्या तर बाया वाटच बघत होत्या. पल्लवी पुढे सरकली. या वेळी तिच्या तोंडावर हसू नव्हतं. तो दोस्त वाचला का, एवढंच तिने विचारलं.

विजयमालाबाईंनी डबा खाली ठेवला.

"आधीच्या साऱ्या गोष्टी माह्या होत्या," त्या म्हणाल्या. "हे त्याची हाय. त्याले इचार. अन् त्यानं नाई सांगतलं तर गप बस."

गिरणी चालू होती. तरी सगळ्यांना ऐकू गेलं.